ओंजळभर पलीकडची वाळू

भुंगा चालवणाऱ्या बाईला अख्खं आवार आत्या म्हणायचं. खरं पाहता ती आत्या एकाच पोरीची, सख्ख्या भावाच्या मुलीची. पण ती पोर लहानपणी शाळा सुटली की घरी न जाता थेट आवारात यायची आणि फाटकातूनच अशी काही हाक ठोकायची की पहारेकऱ्यापासून इंजिनियरसाहेबांपर्यंत सगळ्यांच्या तोंडी तेच नाव बसलं. साहेब वयाने तिच्याहून मोठे, तरी तेही आत्याच म्हणायचे. तिला त्याचं काही वाटत नसे. ती म्हणायची, लग्नाच्या भानगडीत न पडता एवढी भाचरं मिळाली, आणखी काय हवं.

बाई अंगाने बारकी, आवाजाने दांडगी. गुडघे कामातून गेलेले, त्यामुळे भुंग्याच्या शिडीवर चढताना प्रत्येक पायरीला एक शिवी. शिवी गुडघ्याला की भुंग्याला, हे विचारायची कोणाची छाती नव्हती. तोलाच्या काट्यावर कोणी गंमत म्हणून नुसतं बोट टेकवलं तरी ती त्याला चारचौघांत अशी फैलावर घ्यायची की तो पुढे आठवडाभर त्या बाजूला फिरकायचा नाही.

आता भुंगा म्हणजे काय, ते सांगायला हवं. आवाराच्या फाटकावर एक लांबलचक नाव रंगवलेलं होतं, त्यात मिती, दळणवळण असे जड जड शब्द होते. ते नाव पाटीपुरतं. बोलताना सगळे भुंगा म्हणायचे, कारण लाकूड पोखरणाऱ्या भुंग्यासारखा तो गुणगुणत पोखरायचा. डोंगर नाही, जमीन नाही. आपलं हे जग आहे आणि त्याला अगदी चिकटून, शेजाऱ्याचं घर असावं तसं, दुसरं एक आहे. भिंत सामाईक, पण दार नाही. भुंगा त्या भिंतीत दार पाडायचा. माणूस वाकून जाईल एवढी वाट पोखरायची, तिला आतून लेप द्यायचा, तडा गेला की बुजवायचा. लेप सुटला तर वाट आपोआप मिटायला बघते. आणि वाट नकोशी झाली की तीच कायमची पुरून टाकायचं कामही भुंग्याचंच. आत्या म्हणायची, सुईणही हाच आणि खड्डा खणणाराही हाच.

यंत्र जुनं होतं. दोन खोल्यांएवढं धूड, पत्र्याच्या शेडमध्ये तोंड वाटेत खुपसून बसलेलं. पुढे पोखरायची सोंड, मागे लेपाचे गोल कुंचले, मध्ये पारडं आणि काटा, आणि सगळ्यांच्या वर चालकाची खुर्ची. तिच्या गादीतली स्प्रिंग आधीच्या चालकाच्या काळापासून वर आलेली. आत्याने तिच्यावर जुना कोट घडी करून टाकला होता आणि त्याच्यावर बसून तिची उमर गेली. थंडीत भुंगा सुरूच व्हायचा नाही. चार माणसं चार बाजूंनी हँडल फिरवायची, आत्या वरून दट्टे मारायची आणि म्हणायची, रुसलेला जावई आहे मेला, सगळ्यांनी हात जोडल्याशिवाय हलायचा नाही.

तिचा बाप याच आवारात लेप मळायचा. ती स्वतः आधी लेपाच्या घमेल्यांवर, मग कुंचले धुवायला, आणि मग एकदा चालक आजारी पडला तेव्हा कोणीतरी बसायलाच हवं म्हणून तिला खुर्चीवर बसवलं. बसवलं ते बसवलं, ती परत खाली उतरलीच नाही. भाऊ दुरुस्तीला पलीकडे जायचा. दुरुस्तीवाल्यांचं काम पलीकडच्या तोंडाशी. एकदा गेले की महिनोन्महिने तिथेच राहायचे, कारण प्रत्येक येण्याजाण्याने लेप झिजतो.

आणि जाणं-येणं म्हणजे काय गाडीत बसून जाण्याइतकं सोपं नव्हतं. वाटेला तोल लागतो. इकडून माणूस पारड्यात उभा राहिला की त्याच क्षणी पलीकडून त्याच्या वजनाची वाळूची गोणी इकडे यायला हवी. तो परत येईल तेव्हा तीच गोणी, जशी आली तशी, परत जायला हवी. माणूस तिकडे वाळला तर त्याने कमरेच्या पट्ट्यात लोखंडाचे तुकडे भरून वजन पुरं करायचं. गोणीत मात्र पलीकडचीच वाळू हवी, इकडची मूठभर माती घातली तरी वाट ती ओळखते. दोन्ही बाजूंनी थोडं थोडं हलकं करून जमवू म्हणाल, तर तेही नाही. जातानाचा तोल तोच येतानाचा. हे असं का, ते साहेबांनी एकदा फळ्यावर आकृती काढून फार छान समजावलं होतं. आत्याला निम्मं कळलं आणि उरलेलं तिने न विचारता मान्य केलं, कारण तोल चुकून आलेला एक माणूस तिने पाहिला होता. तो तिचा भाऊ होता. पारड्यातून जे बाहेर आलं ते तिने चादरीत गुंडाळलं आणि कोणाला बघू दिलं नाही. तेव्हा खुर्चीवर तिच्या आधीचा चालक होता, त्यानंतरच तो आजारी पडला आणि पुढे काम सोडून गेला.

भावजय वर्षाच्या आत दुसरं लग्न करून दूर निघून गेली. आत्याने तिला कधी नावं ठेवली नाहीत, तिचं तरी वय काय होतं म्हणायची. पोर मात्र ठेवून घेतली. पोर एका जागी म्हणून ठरायची नाही, म्हणून तिचं नाव पडलं भिंगरी. दोन खोल्यांचं घर, स्वयंपाकघराच्या खिडकीतून शेडचा पत्रा दिसायचा. एकच पलंग. भिंगरी झोपेत लाथा झाडायची आणि आत्या रात्रभर भिंतीला चिकटून पडायची. दुसरा पलंग आणू म्हणता म्हणता पोर मोठी झाली, पण पलंग काही आला नाही, कारण दोघींनाही तो नको होता.

मोठी झाली आणि म्हणाली, मला दुरुस्तीला जायचंय. आत्याने ताट बाजूला सारलं. चांगले पंधरा दिवस घरात अबोला. अबोला कसला, एक बोलायची नाही आणि दुसरी एकटीच दोघींचं बोलायची. भिंगरीचं म्हणणं, हाताला काम येतं, लेप बापासारखा देते, मग इथे घमेली उचलत का बसू. शेवटी आत्याच हरली. दुसऱ्या कोणाच्या हातून जाण्यापेक्षा माझ्या हातून गेलेली बरी, असं तिने मनाला समजावलं. पोरीला स्वतः पारड्यात उभी केली, स्वतः काटा तीनदा पाहिला आणि दांडा ओढला. पोर गेली आणि तिच्या जागी गोणी आली. आत्याने ती उचलू दिली नाही कोणाला, एकटीने ओढत नेऊन फळीवर ठेवली.

शेडच्या मागच्या भिंतीला ही फळी होती. जेवढी माणसं पलीकडे, तेवढ्या गोण्या फळीवर. घरची माणसं सुट्टीच्या दिवशी यायची आणि आपल्या माणसाची गोणी बघून जायची. कोणी हात फिरवायचं, कोणी नुसतं उभं राहायचं. परक्याच्या गोणीला हात लावायचा नाही, हा आवारातला सगळ्यात मोठा नियम. तो कुठे लिहिलेला नव्हता आणि तो कधी कोणी मोडला नव्हता.

फळीच्या टोकाला एक गोणी मात्र कितीतरी वर्षांपासून होती. ती मिस्त्रीची. मिस्त्री म्हणजे आवारातल्या जेवणघरात स्वयंपाक करणाऱ्या वहिनीचा नवरा. तो शेजारच्या दुसऱ्या एका वाटेने गेला होता, ती वाट मागाहून बसली, तिची घंटेची तार तुटली आणि मिस्त्रीचा पत्ताच लागला नाही. सगळ्यांनी तो गेला असं धरलं. वहिनी धरेना. तोल माणसाचा असतो, वाटेचा नसतो, तो कुठल्याही वाटेने येऊ शकतो, गोणी शाबूत असली म्हणजे झालं, असं तिचं म्हणणं, आणि त्यात चूक काहीच नव्हतं. तिने गोणीच्या तोंडाला आपला स्वयंपाकाचा रुमाल गाठ मारून बांधला होता. दुपारी सगळ्यांची जेवणं उरकली की ती आपलं ताट घेऊन यायची आणि गोणीशेजारी स्टुलावर बसून जेवायची. आत्या वरून खुर्चीतून बोलायची, ही खालून उत्तर द्यायची. दोघींचं सूत चांगलं जमलं होतं. एक फटकळ, दुसरी मिठ्ठास, आणि घरोघरच्या बातम्या दोघींनाही सारख्याच प्रिय.

भिंगरी गेल्यावर तार रोज सकाळी वाजायची. वाटेच्या कडेने ही तार गेलेली होती, तिकडे ओढली की इकडे घंटा. प्रत्येक दुरुस्तीवाल्याचे ठोके वेगळे, म्हणजे कोण उभं आहे ते कळावं आणि गोणी चुकू नये. भिंगरीचे दोन तुटक ठोके. ते ऐकल्याशिवाय आत्या चहा घ्यायची नाही.

मग दिवस फिरले. दूर कुठेतरी नव्या, रुंद वाटा झाल्या, नवी यंत्रं आली आणि या आवाराकडे येणारा माल आटला. एकेक दुरुस्तीवाला परत आला, एकेक गोणी गेली. भिंगरीची पाळी शेवटची, आणि तेवढ्यात वाटेला मोठा तडा गेला. तडा बुजवायला लेप लागतो आणि लेप धरायला त्यात पलीकडची वाळू लागते. एरवी ती मालाबरोबर यायची. आता मालच नाही तर वाळू कुठली. नुसत्या वाळूसाठी खेप करावी तर तेवढ्याने तडा आणखी वाढायचा. वरून निरोप आला, पुढच्या खेपेला वाळू पाठवतो, तोवर पोरीला आणू नका, एवढ्या तड्यातून माणूस आणणं धोक्याचं आहे.

आत्याने काय करावं. वाट रोज थोडी मिटत होती. फळीवर दोनच गोण्या, एक भिंगरीची, एक मिस्त्रीची. तिने भिंगरीच्या गोणीतून मूठभर वाळू काढली आणि लेपात मळली. परक्याच्या गोणीला हात लावायचा नाही. आपल्या पोरीची गोणी आपलीच, वाळू आली की परत भरू. साहेबांना सांगितलं, ते म्हणाले, भरून देऊ, काळजी करू नका. वाईट माणूस नव्हता तो, त्यालाही खरंच तसं वाटत होतं. वाळू आली नाही. पुन्हा तडा, पुन्हा मूठ. असं करत पोरीच्या येण्याची वाट उघडी ठेवायला तिने पोरीच्याच येण्यातली ओंजळभर वाळू वाटेला चोपडून टाकली. दुसरं कोणी असतं तर दोन्ही गोण्यांतून घेतली असती, नाहीतर घेतलीच नसती. हिने सचोटी पाळली, आणि लेपात गेलेली वाळू वाळून दगड झाली की ती काही परत निघत नाही.

त्यातच एका सकाळी घंटा वाजली नाही. दुसऱ्या दिवशी नाही, तिसऱ्या दिवशी नाही. आठवडा गेला. आत्या खुर्चीवरून उतरेना. वहिनी ताट वर नेऊन द्यायची आणि तसंच खाली आणायची. वरून हुकूम आला की पलीकडे आता कोणी नाही असं दिसतंय, वाट पुरून टाका, आवार बंद करतोय. साहेबांनी तो हुकूम आत्याला स्वतः येऊन सांगितला, खाली मान घालून. पुरायला भुंगाच लागणार आणि भुंगा चालवायला आत्याच. तिला रडूही येईना.

आणि पुरायच्या दिवशी सकाळी घंटा वाजली. दोन तुटक ठोके.

साहेब धावत आले. सोंडेवरच्या दिव्याने त्यांनी वाट तपासली आणि म्हणाले, संध्याकाळपर्यंत टिकेल. एक खेप नक्की, दुसरी नशिबावर. पोरीला आजच आणा. मग आत्याने गोणी काट्यावर ठेवली आणि दोघांनीही काट्याकडे पाहिलं. ओंजळभर कमी. रिकामी खेप करून वाळू मागवावी तर ती खात्रीची खेप त्यातच जाणार आणि पोर येणार नशिबावरच्या खेपेने. साहेब हळूच फळीच्या टोकाकडे बघायला लागले. आत्या म्हणाली, तुम्ही तिला काही बोलायचं नाही, मी बोलेन.

वहिनी जेवणघरात मोठं पातेलं घासत होती. घंटा तिनेही ऐकली होती, तोंडभर हसून म्हणाली, आली ना गं तुझी पोर. आत्या दारातच उभी राहिली. आयुष्यात शब्दाला अडली नव्हती ती बाई, त्या दिवशी अडली. तुटक तुटक सगळं सांगितलं. वहिनीचे हात पातेल्यात तसेच राहिले.

"किती कमी आहे?" वहिनीने विचारलं.

"ओंजळभर."

"ओंजळभर काढली की त्याची गोणी गेली म्हणायची."

"हो."

वहिनीने पातेलं उपडं घातलं, हात पुसले, परत ओले केले, परत पुसले. "तो यायचा नाही, ते काय मला कळत नाही होय?" ती म्हणाली. "पण गोणी आहे तोवर मी मिस्त्रीची बायको आहे. ती उघडली की मी कोण, ते मला कोणी सांगेल का?"

आत्या खाली बसली, गुडघे दुखत असून बसली, आणि तिने वहिनीचे पाय धरले. वहिनी चटकन मागे सरली. असलं काही करू नकोस म्हणाली, तुझी पोर ती माझी नाही का, शाळेतून आली की पहिला घास माझ्या हातचा खायची. मग ती आत्याच्या पुढे चालत शेडमध्ये आली, गोणीवरच्या रुमालाची गाठ सोडायला लागली. इतक्या वर्षांची गाठ, सुटेना. दातांनी सोडवली. रुमाल घडी करून खिशात ठेवला आणि म्हणाली, "बाकीचं तू कर. मी इथे उभी राहणार नाही. तिला एवढंच विचार, त्याचं काही दिसलं का तिकडे. हाडं दिसली असली तरी सांग मला." आणि बाहेर आवारात निघून गेली. साहेबही तिच्यामागे गेले. तिला एकटं सोडायला नको असं त्यांना वाटलं.

आत्याने मिस्त्रीच्या गोणीत हात घातला. वाळू थंड आणि बारीक, पिठासारखी. ओंजळ भरून काढली आणि भिंगरीच्या गोणीत ओतली. काटा खुणेवर आला. गोणीचं तोंड शिवलं, पारड्यात ठेवली. शिव्या न देता शिडी चढली. तार ओढून खूण केली, तयार आहे.

लगेच उत्तर आलं. दोन तुटक ठोके. आत्याने दांड्यावर हात ठेवला.

आणि घंटा पुन्हा वाजली. तीन ठोके, मग थांबून एक.

तो मिस्त्रीचा ठोका होता. किती वर्षांत वाजला नव्हता, पण चालकाच्या कानाला असले ठोके विसरता येत नाहीत. आत्याचा हात दांड्यावर तसाच राहिला. घंटेची तार हलकेच थरथरत होती. खाली फळीवर मिस्त्रीची गोणी तोंड उघडून पडलेली. अजून काही गेलं नव्हतं. खाली उतरून शिवण उसवायची, ओंजळभर वाळू परत ओतायची, मिस्त्रीची गोणी पारड्यात लावायची. एवढंच करायचं होतं. मग जिची गोणी पुरी तिचा माणूस आला असता, आणि भिंगरी तिकडे राहिली असती, वाट पुरल्यावर कायमची.

ती मनाशी म्हणाली, पोरीला मिस्त्रीचं काहीतरी सापडलं असेल, तेच सांगतेय त्याच्या ठोक्याने. मग म्हणाली, जुन्या तारेत गुंतलेलं काही असेल, तार जुनी आहे. मग म्हणाली, मी ऐकलंच नाही. मनाचं काय, त्याला हवं ते पटवता येतं, आणि यातलं एकही तिला पटलं नव्हतं. तिला लख्ख माहीत होतं की पलीकडे दोन माणसं उभी आहेत. तिला चादर आठवली. तिला भीती वाटली, लाज वाटली आणि त्या दोन्हींच्या वर, सगळ्याच्या वर, पोर हवी होती. तिने दांडा ओढला.

भुंगा गुणगुणला. गोणी गेली. पारड्यात भिंगरी उभी होती.

सुकून काटकी झालेली, केस राठ, कमरेचा पट्टा लोखंडाने इतका फुगलेला की चालताना ती एका बाजूला कलत होती. पण पुरी होती. हात, पाय, डोळे, सगळं जागच्या जागी. आत्या शिडीवरून कशी उतरली तिचं तिलाच कळलं नाही. पोरीला तिने छातीशी धरलं, तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिली, मोजावं तसं, काही कमी तर नाही ना. घंटेचा आणि भुंग्याचा आवाज ऐकून वहिनी दारात येऊन उभी राहिली होती. तिच्या तोंडून प्रश्न निघायच्या आत भिंगरीनेच तिला पाहिलं आणि तिचा चेहरा असा उजळला की बघवेना.

"वहिनी, मिस्त्रीकाका आहेत," ती म्हणाली. "आहेत, जिवंत आहेत. मला बसलेल्या वाटेपाशी सापडले. आठवडाभर त्यांनाच आणत होते. पाय अधू झालाय, हळू चालतात, म्हणून सकाळी मी पुढे धावत आले. आता तिथेच उभे आहेत, पट्टा बांधून. म्हणाले, तू आधी जा, मी मागून येतो. आत्या, गोणी लाव ना त्यांची."

कोणीच हललं नाही. भिंगरी एकदा आत्याकडे बघते, एकदा वहिनीकडे. मग तिची नजर फळीवर गेली, उघड्या गोणीवर. दुरुस्तीवाली होती ती, तिला समजावून सांगायची गरज पडली नाही. तिने दोन्ही हात तोंडावर ठेवले.

पहिली हलली ती वहिनी. ती भिंगरीच्या पायाशी बसली आणि तिच्या बुटांच्या नाड्या सोडायला लागली. खिशातला रुमाल काढून जमिनीवर पसरला, त्यावर बूट उपडा करून आपटला. चार कण पडले. दुसरा बूट, आणखी थोडे. दुरुस्तीवाले पारड्यात उभं राहण्याआधी अंगावरची वाळू झटकून येतात, तशी शिस्तच असते, आणि भिंगरी शिस्तीची होती. तरी मोज्यांतून थोडी निघाली, पँटच्या दुमडीतून थोडी, पट्ट्याच्या शिवणीतून चिमूटभर. साहेबही गुडघ्यावर बसून पारड्याच्या फटीतून पिनेने कण काढायला लागले. आत्याने लेपाची घमेली खरवडली, जे निघालं ते दगड होतं. सगळं रुमालावर जमा करून वहिनीने ते गोणीत ओतलं आणि गोणी काट्यावर ठेवली. काटा खुणेच्या कितीतरी खाली राहिला. रुमालातली वाळू चमचाभरसुद्धा नव्हती.

घंटा वाजली. तीन ठोके, मग थांबून एक.

वहिनीने वर पाहिलं. तिचा आवाज नेहमीसारखाच होता, भाजीत मीठ पडलं का विचारावं तसा. "हा ठोका मघाशी वाजला होता का गं? मी बाहेर होते, भुंगा सुरू व्हायच्या आधी. मला वाटलं, मला भास झाला."

साहेबांनी आत्याकडे पाहिलं. भिंगरीने पाहिलं नाही.

"वाजला होता," आत्या म्हणाली.

"तू ऐकलास."

"ऐकला."

वहिनीने मान हलवली. मग तिने भिंगरीला हाताला धरून स्टुलावर बसवलं, रुमाल तिच्या मांडीवर पसरला आणि तिचे राठ केस मोकळे करून त्यांतून बोटं फिरवायला लागली, मुळापासून टोकापर्यंत, एकेक बट वेगळी करून, कण शोधत.